हिटलर निवडून आला की त्याला आणून बसवले?

लोकशाहीच्या भवितव्यावर कुठेही चर्चा सुरू झाली की थोड्याच वेळात कोणीतरी म्हणतो, “हिटलरसुद्धा निवडूनच आला होता.” ज्यांचा सामान्य मतदारावर विश्वास नाही, त्यांना या वाक्यातून सुचवायचे असते की रोगाचे मूळ मतपेटीतच आहे. समोरून तितक्याच आवेशाने उत्तर येते: छे, त्याने सत्ता गुंडगिरीने बळकावली, बड्या उद्योगपतींनी पैसा ओतला, जनतेचा त्यात काय दोष? वाद तिथेच गोल गोल फिरत राहतो. दोन्ही बाजूंच्या मांडणीतून १९३० ते १९३३ ही जर्मनीतली तीन वर्षे आणि १९२१-२२ ही इटलीतली दोन वर्षे जवळजवळ गायब असतात. खरे प्रकरण तर त्याच वर्षांत घडले.

माझे म्हणणे असे आहे. दोन महायुद्धांच्या मधल्या काळात युरोपातल्या एकाही फॅसिस्ट पक्षाने मुक्त निवडणुकीत स्वबळावर बहुमत मिळवले नाही. एकाही पक्षाने राज्यसंस्थेशी समोरासमोर लढून तिला हरवलेही नाही. ते जिथे सत्तेवर बसले, तिथे एक तर परकीय फौजांनी त्यांना बसवले, नाहीतर देशातल्याच प्रस्थापित उजव्यांनी, म्हणजे राजा, राष्ट्राध्यक्ष, जमीनदार, सेनाधिकारी आणि जुने प्रतिष्ठित पक्ष यांनी त्यांना बोलावून आणले. मतदारांनी त्यांना मोठे केले, हे खरेच आहे. पण मोठे होणे आणि सत्तेवर बसणे यांत जे अंतर असते, ते मतदारांनी पार करून दिले नाही.

आधी आकडे पाहू, कारण वाद करणाऱ्यांपैकी फार थोडे जण ते पाहतात. मे १९२८च्या राइशस्टागाच्या, म्हणजे जर्मन संसदेच्या, निवडणुकीत नाझी पक्षाला २.६ टक्के मते आणि १२ जागा मिळाल्या. सप्टेंबर १९३०मध्ये १८.३ टक्के आणि १०७ जागा. जुलै १९३२मध्ये ३७.३ टक्के मते आणि ६०८ पैकी २३० जागा, म्हणजे सभागृहातला सर्वांत मोठा पक्ष. मुक्त निवडणुकीत त्यांनी गाठलेले हे शिखर. चारच महिन्यांनी, ६ नोव्हेंबर १९३२ रोजी, ते ३३.१ टक्क्यांवर आणि ५८४ पैकी १९६ जागांवर घसरले. सुमारे वीस लाख मते गेली. दरम्यान एप्रिल १९३२मध्ये हिटलर स्वतः राष्ट्राध्यक्षपदासाठी उभा राहिला होता. दुसऱ्या फेरीत त्याला ३६.८ टक्के आणि पदावर असलेल्या हिंडेनबुर्गला ५३ टक्के मते पडली. म्हणजे सर्व जर्मन मतदारांसमोर ‘हिटलर हवा की नको’ हा प्रश्न जेव्हा थेट आला, तेव्हा बहुमताने ‘नको’ म्हटले. मार्च १९३३ची निवडणूक हिटलर चान्सलर, म्हणजे सरकारचा प्रमुख, झाल्यानंतरची. विरोधकांची वृत्तपत्रे बंद, कम्युनिस्ट नेते तुरुंगात आणि रस्त्यावर दंडाला पट्टी बांधलेले तपकिरी शर्टवाले नाझी ‘सहायक पोलीस’, अशा वातावरणात ती झाली. तरीही पक्ष ४३.९ टक्क्यांवरच अडला.

यावरून मतदार निर्दोष ठरतात का? मुळीच नाही, आणि समोरच्या बाजूचा हा मुद्दा मी पूर्ण मान्य करतो. जुलै १९३२मध्ये १ कोटी ३७ लाख लोकांनी नाझींना मत दिले. हा पक्ष कसा आहे हे त्यांना ठाऊक होते. ज्यूद्वेष, संसदेचा तिटकारा, रस्त्यावरची मारामारी यांतले काहीच लपवलेले नव्हते. श्लेस्विग-होल्स्टाइनसारख्या प्रोटेस्टंट शेतकऱ्यांच्या मुलखात तर त्यांनी ५१ टक्के मते घेतली. फसवले गेलेले गरीब बेकार, हे चित्रही अर्धवट आहे. बेकार कामगार नाझींपेक्षा कम्युनिस्टांकडे जास्त वळले होते. नाझींचा पाया उत्तर आणि पूर्व जर्मनीतली खेडी, लहान शहरांतले दुकानदार, कारकून आणि पेन्शनर यांच्यात होता. हा वर्ग पूर्वी जुन्या उजव्या आणि मध्यममार्गी पक्षांना मत देत असे. जर्मन नॅशनल पीपल्स पार्टी हा राजनिष्ठ, जमीनदारी वळणाचा पक्ष १९२४च्या अखेरीस २०.५ टक्क्यांवर होता, तो १९३०मध्ये ७ टक्क्यांवर आला. ही मते आपोआप उडाली नाहीत. १९२९मध्ये युद्धखंडणीच्या यंग योजनेविरुद्ध सार्वमताची मोहीम निघाली तेव्हा या पक्षाचा नेता आणि वृत्तपत्रसम्राट आल्फ्रेड हुगेनबर्ग याने हिटलरला आपल्या शेजारी व्यासपीठावर बसवले. तेव्हा हिटलरच्या पक्षाकडे राइशस्टागात १२ जागा होत्या. सार्वमत सपशेल हरले, पण म्युनिकच्या बिअर हॉलमधला तुरुंगवास भोगलेला पुढारी प्रतिष्ठितांच्या पंगतीला बसला तो तिथे. पाठोपाठ जानेवारी १९३०मध्ये थुरिंगियात उजव्या पक्षांनी आघाडी सरकार केले आणि विल्हेल्म फ्रिकला मंत्री केले. कोणत्याही जर्मन राज्यातला हा पहिला नाझी मंत्री. नाझींच्या मतांची लाट यानंतर आली. तेव्हा ‘आधी मतदार गेले, मग बिचाऱ्या नेत्यांचा नाइलाज झाला’ हा क्रमच उलटा आहे.

दुसरा जोरदार आक्षेप परिस्थितीचा. व्हर्सायच्या तहाचा अपमान, महागाई, महामंदी, साठ लाख बेकार; अशा देशात दुसरे काय होणार होते? मंदीशिवाय नाझी पक्ष बारा-पंधरा जागांचाच राहिला असता, हे मला मान्य आहे. पण या युक्तिवादात तारखांचा मोठा घोळ असतो. नोटा पोत्यांत भरून न्याव्या लागत ती महागाई १९२३ची. त्या वर्षाच्या नोव्हेंबरात ती थांबली. त्याच महिन्यात हिटलरने म्युनिकमध्ये उठाव केला, बव्हेरियन पोलिसांनी गोळ्या झाडल्या आणि उठाव काही मिनिटांत संपला. १९३०-३२चे संकट नेमके विरुद्ध जातीचे होते: किमती कोसळत होत्या, आणि चान्सलर ब्रूनिंग पगार, पेन्शन आणि बेकारभत्ता एकामागून एक वटहुकूम काढून कापत होता. युद्धखंडणी तर जुलै १९३२च्या लोझान परिषदेत जवळजवळ संपुष्टात आली, म्हणजे हिटलर चान्सलर होण्याच्या सहा महिने आधी. इटलीचे काय? इटली महायुद्धात जिंकलेल्या बाजूला होती, आणि मुसोलिनी पंतप्रधान झाला १९२२मध्ये, महामंदीच्या सात वर्षे आधी. उलट नेदरलँड्स १९३६पर्यंत सुवर्णमानाला, म्हणजे चलन सोन्याशी बांधून ठेवण्याला, चिकटून राहिल्यामुळे मंदीत फार काळ होरपळत होते. तिथल्या फॅसिस्टांना १९३५च्या प्रांतिक निवडणुकांत जवळपास ८ टक्के मते मिळाली, आणि दोन वर्षांनी संसदेत त्यांच्या वाट्याला १०० पैकी ४ जागा आल्या. मतांच्या प्रमाणात जागा देणाऱ्या प्रमाणशीर प्रतिनिधित्वामुळे वायमार प्रजासत्ताक, म्हणजे हिटलरपूर्वीची जर्मन लोकशाही, बुडाले असे म्हणणाऱ्यांनीही याच नेदरलँड्सकडे पाहावे. तिथली निवडणूक पद्धत जर्मनीइतकीच प्रमाणशीर होती. मग अडचणी सारख्या असूनही शेवट वेगळे का झाले?

इटलीची हकीकत यासाठी नीट पाहायला हवी. नोव्हेंबर १९१९च्या निवडणुकीत मुसोलिनीच्या यादीला मिलानमध्ये पाच हजारसुद्धा मते पडली नाहीत; जागा शून्य. १९२०च्या शरदापासून पो नदीच्या खोऱ्यातले जमीनदार शेतमजुरांच्या संघटना मोडण्यासाठी काळ्या शर्टवाल्या फॅसिस्टांच्या टोळ्यांना पैसे आणि ट्रक पुरवू लागले. पोलीस बघत राहत, कधी कधी शस्त्रेही देत. मे १९२१मध्ये मुरब्बी उदारमतवादी पंतप्रधान जोलित्तीने समाजवाद्यांना शह द्यायला फॅसिस्टांना आपल्या ‘राष्ट्रीय गटा’त घेतले. हिशेब असा की संसदेची सवय लागली की ही पोरे निवळतील. त्यातून त्यांना ५३५ पैकी ३५ जागा मिळाल्या. दीड वर्षाने ‘रोमवर मोर्चा’ निघाला. पावसात भिजलेले, अपुऱ्या शस्त्रांचे जथे अनेक ठिकाणी रेल्वेमार्गांवरच अडवले गेले होते. पंतप्रधान फाक्ताच्या मंत्रिमंडळाने २८ ऑक्टोबर १९२२च्या पहाटे लष्करी कायदा लागू करायचे ठरवले. हुकूम तयार झाला, प्रांताधिकाऱ्यांना तारा गेल्या. सकाळी राजा व्हिक्टर इमॅन्युएल तिसरा याने सही करायला नकार दिला. मुसोलिनी मिलानमध्ये थांबून होता. राजाचे बोलावणे आल्यावर तो रात्रीच्या रेल्वेने रोमला आला. ज्या संसदेत त्याचे ३५ सदस्य होते, तिने नोव्हेंबरात त्याला ३०६ विरुद्ध ११६ असा विश्वास दिला. ठरावाच्या बाजूने मत देणाऱ्यांत जोलित्ती, सालांद्रा आणि ओर्लांदो हे तीन माजी पंतप्रधान होते.

राज्याने ठरवले असते तरी फॅसिस्टांना रोखता आले नसते, असे कोणी म्हणेल तर त्याने इटलीतले सार्झाना आठवावे. जुलै १९२१मध्ये या लहानशा गावावर सुमारे पाचशे फॅसिस्ट चाल करून आले. स्टेशनावर मूठभर काराबिनिएरी (लष्करी पोलीस) आणि सैनिक होते. त्यांनी गोळीबार केला आणि ती फौज पळत सुटली. म्युनिकमध्ये दोन वर्षांनी तेच झाले. सरकारी बंदूक आपल्यावर रोखली जाणार नाही अशी खात्री असली की या टोळ्या शूर असत. तशी खात्री त्यांना कोण देत होते, हे विचारल्याशिवाय ‘गुंडगिरीने सत्ता बळकावली’ या वाक्याला काही अर्थ उरत नाही.

जर्मनीत घोडे पेंड खाते ते राज्यघटनेच्या तीन कलमांपाशी. कलम ५३ प्रमाणे चान्सलरची नेमणूक राष्ट्राध्यक्ष करी. कलम ४८ प्रमाणे सार्वजनिक सुरक्षितता धोक्यात आली तर तो वटहुकूम काढू शकत होता आणि काही मूलभूत हक्क तहकूब करू शकत होता. मात्र राइशस्टागाने बहुमताने मागणी केली तर वटहुकूम मागे घ्यावा लागे. कलम २५ प्रमाणे तो राइशस्टाग बरखास्त करू शकत होता. मग साठ दिवसांत निवडणूक. प्रत्येक कलम सुटे वाचले तर त्यात भयंकर असे काही नाही. एकत्र जोडली की संसदेशिवाय राज्य करण्याचे यंत्र तयार होते: अध्यक्षाने आपल्या मर्जीतला चान्सलर नेमायचा, वटहुकुमाने कारभार करायचा, संसदेने हरकत घेतली की तिलाच घरी पाठवायचे. मार्च १९३०मध्ये बेकारविम्याची वर्गणी पाव-अर्धा टक्का वाढवावी की नाही यावरून सोशल डेमोक्रॅट चान्सलर म्युलरचे बहुमताचे आघाडी सरकार पडले. हिंडेनबुर्गभोवतीच्या सेनाधिकाऱ्यांना आणि जमीनदारांना समाजवाद्यांशिवायचे सरकार हवेच होते. त्यांनी ब्रूनिंगला आणले. जुलैमध्ये राइशस्टागाने त्याचा वटहुकूम फेटाळला, तर राइशस्टाग दोन वर्षे आधीच बरखास्त झाले. १०७ नाझी आत आले ते या अनावश्यक निवडणुकीतून. पुढचा उतार आकड्यांत दिसतो. १९३०मध्ये राइशस्टागाने ९८ कायदे केले, १९३१मध्ये ३४, १९३२मध्ये फक्त ५. वटहुकूम १९३०मध्ये पाच होते, ते १९३२मध्ये साठच्या आसपास गेले. सभागृहाच्या बैठका ९४ वरून १३ वर आल्या. हिटलर येण्याआधीच जर्मन संसद जवळजवळ बंद पडली होती, आणि ती बंद पाडणारे लोक नाझी नव्हते. आयत्या बिळात नागोबा शिरला. बीळ कोणी खणले, हे विचारायचे राहून जाते. (ऑगस्ट १९४९मध्ये आपल्या संविधान सभेत आणीबाणीच्या तरतुदींवर चर्चा झाली तेव्हा ह. वि. कामत यांनी याच वायमार घटनेचे उदाहरण देऊन सभेला सावध केले होते. १९७५ साली त्या भाषणाची आठवण अनेकांना झाली असेल.)

प्रशियाचे प्रकरण तर वादांत कधी येतच नाही, आणि माझ्या मते ते ३० जानेवारी १९३३ला हिटलर चान्सलर होण्याइतकेच निर्णायक आहे. जर्मनीचे सुमारे तीन-पंचमांश लोक प्रशियात राहत. तिथे ओटो ब्राउन यांचे सोशल डेमोक्रॅट नेतृत्वाखालचे सरकार होते. एप्रिल १९३२च्या निवडणुकीनंतर ते काळजीवाहू झाले, पण पन्नास हजारांवर गणवेशधारी पोलीस त्याच्या हाताखाली होते. जूनमध्ये चान्सलर झालेल्या फ्रान्झ फॉन पापेनने आधी तुफान दलावरची, म्हणजे तपकिरी शर्टवाल्या नाझींच्या फौजेवरची, बंदी उठवली. लगेच रस्त्यांवर रक्त सांडू लागले. १७ जुलैला आल्टोना इथे एका दिवसात अठरा माणसे मेली. मग ‘प्रशियात सुव्यवस्था राहिली नाही’ असे कारण दाखवून २० जुलैला कलम ४८ खाली पापेनने ब्राउन यांचे सरकार काढून टाकले आणि स्वतः आयुक्त म्हणून बसला. बर्लिनचे पोलीस आयुक्त, प्रजासत्ताकनिष्ठ अधिकारी, प्रांतप्रमुख बदलले गेले. सोशल डेमोक्रॅटांनी प्रतिकार केला नाही. साठ लाख बेकारांच्या देशात सार्वत्रिक संप चालणार कसा, हा त्यांचा प्रश्न होता, आणि त्यात तथ्य होते. ते न्यायालयात गेले. सहा महिन्यांनी हिटलरचा निकटचा सहकारी हेरमान गोरिंग प्रशियाचे गृहखाते सांभाळू लागला तेव्हा त्याला हे पोलीसदल आधीच साफ करून मिळाले होते. २२ फेब्रुवारी १९३३ रोजी त्याने पन्नास हजार तुफान दलवाले, एसएस या नाझींच्या दुसऱ्या दलाचे लोक आणि स्टालहेल्म या उजव्या माजी सैनिक संघटनेचे लोक ‘सहायक पोलीस’ म्हणून भरती केले.

आता डाव्यांच्या चुका. कम्युनिस्टांनी सोशल डेमोक्रॅटांना ‘सामाजिक फॅसिस्ट’ ठरवून मुख्य शत्रू मानले. ऑगस्ट १९३१मध्ये प्रशियाचे सरकार पाडण्याच्या सार्वमतात ते नाझींच्या बाजूने उभे राहिले, नोव्हेंबर १९३२च्या बर्लिन वाहतूक संपात दोघे एकत्र उतरले. हा आंधळेपणा अक्षम्य होता. जुलै १९३२नंतर नाझी आणि कम्युनिस्ट मिळून ३१९ जागा होत होत्या, म्हणजे कोणतेही सरकार पाडायला पुरेसे, पण बनवायला निरुपयोगी बहुमत. एवढे मान्य करूनही विचारावे लागते की चान्सलर नेमण्याचा अधिकार कम्युनिस्टांकडे होता का? लष्कर? गृहखाते? त्यांच्यामुळे दार खिळखिळे झाले, पण किल्ली त्यांच्या खिशात कधीच नव्हती. तीच गोष्ट ‘उद्योगपतींनी हिटलरला विकत घेतले’ या आवडत्या सिद्धान्ताची. फ्रिट्झ थिसेनसारखे अपवाद सोडले तर १९३३पूर्वी बड्या उद्योगांचा बराचसा पैसा पापेन आणि जुन्या उजव्या पक्षांकडे जात होता. गोरिंगच्या निवासस्थानी उद्योगपतींची बैठक होऊन तीस लाख मार्कांच्या देणग्या ठरल्या, त्या २० फेब्रुवारी १९३३ रोजी, म्हणजे हिटलर चान्सलर झाल्यावर. त्यांचा अपराध वेगळा आणि तितकाच गंभीर आहे: संसदीय सरकार नको, ही मोहीम त्यांनी वर्षानुवर्षे चालवली.

राहता राहिला सर्वांत कठीण आक्षेप. जानेवारी १९३३मध्ये दुसरा पर्याय होता का? सर्वांत मोठ्या पक्षाच्या नेत्याला बोलावणे हा संसदीय रिवाजच नव्हे का? रिवाजाचा मुद्दा हिंडेनबुर्गने स्वतःच निकालात काढला होता. १३ ऑगस्ट १९३२ला, नाझी शिखरावर असताना, त्याने हिटलरला चान्सलरपद नाकारले. नोव्हेंबरात पुन्हा नाकारले. जानेवारीपर्यंत नाझी आणखी दुबळे झाले होते. डिसेंबरात थुरिंगियातल्या स्थानिक निवडणुकांत त्यांची मते मोठ्या प्रमाणावर घटली, नाझींचा वजनदार नेता ग्रेगोर स्ट्रासरने ८ डिसेंबरला पक्षातली पदे सोडली, तिजोरी रिकामी होती. मग बदलले काय? चान्सलर कुर्ट फॉन श्लायशरने आपले पद घेतले याचा पापेनला राग होता. ४ जानेवारीला तो कोलोन इथे बँकर श्रोडरच्या घरी हिटलरला भेटला आणि पुढचे तीन आठवडे म्हाताऱ्या अध्यक्षाचे मन वळवत राहिला: मंत्रिमंडळात नाझी फक्त तीन ठेवू, मी उपचान्सलर, अर्थ आणि शेती हुगेनबर्गकडे, हिटलर आपल्या मुठीत राहील. पर्याय स्वच्छ नव्हते, हे मी कबूल करतो. राइशस्टाग बरखास्त करून निवडणूक साठ दिवसांपलीकडे ढकलावी, ही श्लायशरची मागणी घटनेला धरून नव्हती. कॅथलिकांचा सेंटर पक्ष आणि सोशल डेमोक्रॅट यांनीही तिला विरोध केला. पण अविश्वास ठरावानंतर त्याच मंत्रिमंडळाला काळजीवाहू म्हणून चालू ठेवणे शक्य होते. ओसरत्या पक्षाला साठ दिवसांत पुन्हा मतदारांसमोर उभे करणेही शक्य होते. बेकारीचा कळस १९३२च्या सुरुवातीला होऊन गेला होता. वाईट आणि अतिवाईट यांत निवड करायची होती आणि हिंडेनबुर्गने अतिवाईट निवडले, कारण त्याच्या भोवतालच्यांना प्रजासत्ताक वाचवायचेच नव्हते. त्यांना हिटलरची गर्दी हवी होती आणि कारभार आपल्या हाती.

‘सगळे कायदेशीर झाले’ या दाव्याचाही हिशेब करू. २७ फेब्रुवारीला राइशस्टागाची इमारत जळाली. दुसऱ्या दिवशी कलम ४८ खालच्या वटहुकुमाने भाषण, सभा, वृत्तपत्र आणि व्यक्तिस्वातंत्र्याचे हक्क तहकूब झाले. २३ मार्चला क्रोल ऑपेरागृहात सर्वाधिकार कायदा, म्हणजे संसदेला वगळून सरकारलाच कायदे करू देणारा कायदा, मांडला गेला. घटनादुरुस्तीसाठी ६४७ पैकी दोन-तृतीयांश, म्हणजे ४३२ सदस्य हजर हवेत, आणि हजर असलेल्यांपैकी दोन-तृतीयांशांची मते हवीत. सरकारकडे होते नाझी २८८ आणि हुगेनबर्गचे ५२, एकूण ३४०. ८१ कम्युनिस्टांना आत येऊच दिले नाही. १२० सोशल डेमोक्रॅट बाहेर राहिले असते आणि आणखी पंधरा जण त्यांना मिळाले असते, तर गणपूर्तीच झाली नसती. म्हणून गोरिंगने कामकाजाचा नियम बदलून घेतला: परवानगीवाचून गैरहजर राहणारा हजर मानला जाईल. मतदान झाले ४४४ विरुद्ध ९४. विरोधात एकटे सोशल डेमोक्रॅट. त्यांचे नेते ओटो वेल्स यांचे भाषण हे त्या सभागृहातले शेवटचे स्वतंत्र भाषण ठरले. ५३८ मतांत दोन-तृतीयांश म्हणजे ३५९. सेंटर पक्ष आणि त्याचा बव्हेरियन भाऊबंद यांचे मिळून ९२ सदस्य होते. ते विरोधात गेले असते तर, सगळी दांडगाई होऊनही, कायद्याला सहा-सात मते कमी पडली असती. सेंटर पक्षाचे नेते लुडविग कास यांनी चर्चच्या आणि शाळांच्या हक्कांची तोंडी आश्वासने घेऊन ‘हो’ म्हटले. साडेतीन महिन्यांनी सेंटर पक्ष स्वतःच विसर्जित झाला. हुगेनबर्ग त्याआधीच मंत्रिमंडळाबाहेर पडला होता. ३० जून १९३४ रोजी श्लायशरला त्याच्या घरात पत्नीसह गोळ्या घातल्या गेल्या, त्याच सुमारास पापेनचे निकटचे सहकारी बोझे आणि युंग मारले गेले. मुठीत राहणार होता तो हा माणूस.

हे टाळता येत होते, याचा पुरावा फिनलँड आणि बेल्जियममध्ये आहे. फिनलँडमध्ये १९१८च्या यादवीत तीस लाखांच्या देशातली छत्तीस हजारांहून अधिक माणसे मेली होती; शेजारी सोव्हिएत रशिया. कम्युनिस्टांची भीती जर्मनीपेक्षा खरी आणि जवळची होती. लापुआ या अतिउजव्या चळवळीने १९३०मध्ये हजारो शेतकरी हेलसिंकीत उतरवून कम्युनिस्टविरोधी कायदे करवून घेतले, ऑक्टोबरात तर माजी राष्ट्राध्यक्ष स्टोलबेरी यांना पळवून नेले. १९३१मध्ये राष्ट्राध्यक्ष झालेले स्विनहुफ्वुद कट्टर पुराणमतवादी, लापुआवाल्यांच्याच पाठिंब्याने आलेले. फेब्रुवारी १९३२च्या अखेरीस मँत्साला इथे सशस्त्र उठाव झाला तेव्हा ते इटलीच्या राजासारखे वागू शकले असते. त्यांनी लष्कराला राजधानीचे रक्षण करायला सांगितले आणि २ मार्चला रेडिओवरून बंडखोरांना बजावले की घरी परता, साध्या माणसांना शिक्षा होणार नाही, पुढाऱ्यांना होईल. काही दिवसांत उठाव विरघळला. आणि लापुआ चळवळीवर बंदी आली ती तिनेच कम्युनिस्टांविरुद्ध मागून घेतलेल्या प्रजासत्ताक संरक्षण कायद्याखाली. शिक्षा सौम्य झाल्या, कम्युनिस्टांवरची बंदी कायम राहिली. हा काही निर्मळ लोकशाहीचा विजय नव्हता. पण निवडणुका चालू राहिल्या, आणि लापुआचा वारसा सांगणारा पक्ष १९३६मध्ये २०० पैकी १४ जागांवर थांबला.

उलट बाजूचे अवघड उदाहरण ऑस्ट्रियाचे, आणि माझ्या मांडणीला ते सहज बसत नाही. चान्सलर डॉलफुसने जून १९३३मध्ये नाझी पक्षावर बंदी घातली; दार बंद केले. पण त्याआधी मार्चमध्ये त्याने संसद बंद केली होती, आणि फेब्रुवारी १९३४मध्ये व्हिएन्नातल्या कामगार वस्त्यांवर तोफा डागून सोशल डेमोक्रॅट पक्ष चिरडला. जुलैमध्ये नाझींनी त्याचा खून केला. १९३८मध्ये जर्मन फौजा आल्या तेव्हा त्याच्या वारसांच्या बाजूने उभी राहील अशी संघटित शक्ती देशात उरली नव्हती. फॅसिस्टांना नाकारणारा पुराणमतवादी स्वतःच हुकूमशहा झाला तर त्याच्या नकाराला जोर राहत नाही. नकाराच्या वेळी डावे प्रतिस्पर्धी शेजारी उभे असावे लागतात.

बेल्जियममध्ये ते झाले. मे १९३६मध्ये तिशीच्या लेऑन देग्रेलच्या रेक्स या फॅसिस्ट वळणाच्या पक्षाने पहिल्याच निवडणुकीत ११.५ टक्के मते आणि २०२ पैकी २१ जागा मिळवल्या. ही मते मुख्यतः कॅथलिक पक्षाची होती. तो ७९ वरून ६३ जागांवर आला. रेक्सशी जमवून घ्या, आपलीच पोरे आहेत, असा आग्रह त्या पक्षात होताच. १९३७मध्ये देग्रेलने ब्रुसेल्समध्ये आपल्या खासदाराला राजीनामा द्यायला लावून पोटनिवडणूक घडवली आणि स्वतः उभा राहिला. समोर पंतप्रधान पॉल व्हान झेलांड आले, आणि कॅथलिक, उदारमतवादी, समाजवादी आणि कम्युनिस्ट या सर्वांनी आपापले उमेदवार न देता त्यांना पाठिंबा दिला. मतदानाच्या दोन दिवस आधी कार्डिनल व्हान रॉय यांनी जाहीर केले की रेक्स हा देशाला आणि चर्चला धोका आहे, आणि कॅथलिकांनी कोरी मतपत्रिका टाकणेही योग्य नाही. ११ एप्रिलला व्हान झेलांड यांना सुमारे ७६ टक्के आणि देग्रेलला १९ टक्के मते मिळाली.

यावर अखेरचा आक्षेप येतो की लाखो मतदारांच्या पक्षाला असे वाळीत टाकणे हीच लोकशाहीची पायमल्ली आहे. एक-तृतीयांश मतांनी एक-तृतीयांश जागांचा हक्क मिळतो. चान्सलरपदाचा, गृहखात्याचा, पोलिसांचा हक्क त्यातून निघत नाही. नाझींच्या १९६ जागा कोणी हिरावल्या नव्हत्या, त्यांनी विरोधी बाकांवर बसावे एवढेच म्हणायचे होते. बेल्जियममध्ये रेक्सच्या २१ खासदारांना कोणी हात लावला नाही. ते सभागृहात बसले, बोलले, मते टाकत राहिले. मग १९३९मध्ये पुढची निवडणूक झाली, आणि त्याच मतदारांनी रेक्सला ४ जागांवर आणले.